विनोद लिहिताना: शेवटचा शब्द, कापाकापी आणि आपला रंगमंच

मांडवीकाठ (धागाकर्ता)

चवथ (गणेशचतुर्थी) जवळ आली की गोव्यात वाड्यावाड्यावरच्या मंडळांत सूत्रसंचालकाची शोधाशोध सुरू होते. जत्रेच्या दिवसांत स्मरणिकेला 'दोन पानं हलकंफुलकं' हवं असतं. मग फोनवर आलेले विनोद जमवून वाचले जातात, आणि समोरच्यांनी ते सकाळीच वाचलेले असतात. स्वतःचा विनोद लिहिणं शिकता येतं. त्यासाठी पद्धत लागते आणि खोडण्याची तयारी लागते. इथे पद्धतीबद्दलच बोलू. तयार विनोद चिकटवू नका, उदाहरणं स्वतः रचून द्या.

माझी मांडणी अशी. विनोदात दोन गोष्टी असतात. पहिली ऐकणारा मनात आपसूक रचतो, दुसरी शेवटी उघडी पडते. दोन्ही गोष्टींना सारखाच लागू पडणारा एक शब्द, कृती किंवा समज मध्ये असते. तिला मी सांधा म्हणतो. सांधा सापडला नाही, तर कितीही सजावट करा, फक्त किस्सा होतो.

सुरुवात विषय अरुंद करण्यापासून. 'गोवा' हा विषय नव्हे, 'मासे' हासुद्धा नव्हे. 'जुलैतला बांगडा' हा विषय. त्यावर पंधरा खरी वाक्यं लिहा, हसवायचा प्रयत्न न करता: टोपल्या कमी असतात, लोक भाव विचारून पुढे जातात, विकणारी बाई चेहऱ्यावरून गिऱ्हाईक ओळखते, बर्फातल्या माशाला ताजा म्हणतात, वगैरे. मग प्रत्येक वाक्यासमोर लिहा, 'हेच पुढच्या टोकाला नेलं तर?' लोक नुसता भाव विचारून जातात, तर विकणारी बाई बघण्याचेच पैसे घेईल. सांधा मिळाला: 'बघणं'.

कच्चा मसुदा:

> पावसाळ्यात १ जून ते ३१ जुलै मासेमारीवर बंदी असल्यामुळे मासे फार महाग होतात. एक माणूस बाजारात जातो आणि बांगड्यांचा भाव विचारतो. बाई विचारते की तुम्ही विकत घेणार आहात की नुसतेच बघणार आहात. तो म्हणतो की बघणार आहे. तेव्हा ती म्हणते की बघण्याचेसुद्धा वीस रुपये पडतील.

पक्का:

> जुलै महिना. टोपलीत चार बांगडे.
> 'बाये, कसे दिले?'
> 'घेणार की बघणार?'
> 'बघतो फक्त.'
> 'बघायचे वीस.'

काय गेलं आणि का? बंदीचं वाक्य गेलं, कारण गोव्यात 'जुलै' म्हटलं की ते कळतं. पुण्यात सांगायचं असेल तर आधी वेगळं सांगून ठेवा, विनोदाच्या पोटात घालू नका. 'महाग' गेलं, कारण शेवट तेच सांगणार आहे. तो शब्द आधी आला की शेवट फुटतो. 'सुद्धा' गेलं, कारण तो शब्द 'हे विचित्र आहे बरं का' असं कानात सांगतो. 'चार' आला. टंचाई त्याच शब्दाने दाखवली.

---

आबोली

सांध्याबद्दल पूर्ण सहमत. मला मराठीची एक खास अडचण मांडायची आहे, कारण नवे लिहिणारे नव्वद टक्के वेळा इथेच अडकतात.

धक्का देणारा शब्द अगदी शेवटी यायला हवा. त्यानंतर बोललेला प्रत्येक शब्द हसू दाबतो, कारण लोक ऐकत असतात तोवर हसत नाहीत. पण आपल्या वाक्यात शेवटी क्रियापद बसतं. उदाहरणार्थ:

> यंदा जत्रेच्या नाटकात स्पष्ट उच्चारांसाठीचं बक्षीस पडद्यामागच्या प्रॉम्प्टरला देण्यात आलं.

'प्रॉम्प्टर' हा धक्का, आणि त्याच्यामागे 'देण्यात आलं' लटकतंय. यातून सुटायच्या चार वाटा आहेत.

पहिली, क्रियापद आधी संपवून टाका: 'स्पष्ट उच्चारांचं बक्षीस मिळालं... प्रॉम्प्टरला.' बोलण्यात आपण असं सर्रास म्हणतो, म्हणून कानाला खटकत नाही. कागदावर मात्र थोडं नाटकी वाटतं.

दुसरी, प्रश्न करा आणि उत्तरात क्रियापदच ठेवू नका: 'जत्रेच्या नाटकात सगळ्यात स्पष्ट उच्चार कोणाचे? प्रॉम्प्टरचे.' ही सगळ्यात सुरक्षित वाट. पण लागोपाठ दोनदा वापरली की प्रश्नमंजूषा वाटायला लागते.

तिसरी, संवाद. मांडवीकाठ यांच्या उदाहरणात 'बघायचे वीस' हे तुटक वाक्य खपून जातं, कारण बाजारात माणसं तशीच बोलतात. निवेदनात ते खपलं नसतं.

चौथी वाट मला सगळ्यात आवडते: धक्काच क्रियापदात ठेवा. मग मराठी तुम्हाला शेवटची जागा फुकट देते. 'नाही' तर हक्काने शेवटी येतं, म्हणजे पूर्ण वाक्य एका बाजूला झुकवून शेवटच्या शब्दावर उलटवता येतं. एखादा मसुदा जमत नसेल, तर आधी हे पाहा: हाच धक्का नामातून काढून क्रियापदात नेता येईल का?

---

घुमट

बांगड्याच्या आकड्याबद्दल. 'वीस'च का? मी पन्नास, शंभर, पाचशे असे घालून मोठ्याने म्हणून पाहिले. पाचशे म्हटलं की ती अतिशयोक्ती होते आणि बाई खोटी वाटते. वीस हा आकडा असा आहे की गिऱ्हाईक क्षणभर खिशात हात घालेल. शिवाय तो एका श्वासात संपतो. 'पंचवीस' लांबतो. आकडा निवडताना आधी पटतो का ते बघा, मग तुटतो कसा ते ऐका.

दुसरं, भाषा. आपल्याकडे निवेदन मराठीत आणि बाजार कोंकणीत, हे प्रेक्षकाला रोजचं आहे. म्हणून बाईचं वाक्य कोंकणीतच ठेवलं तर जास्त खरं वाटतं: 'पळोवपाचे वीस.' पण नियम करा. निवेदक मराठी, पात्र कोंकणी, आणि ही सरमिसळ शेवटपर्यंत तशीच. मध्येच पात्र मराठीत गेलं की प्रेक्षक भाषेकडे बघायला लागतो. स्मरणिका महाराष्ट्रातही जाणार असेल तर मात्र मराठीच ठेवा. शेवटच्या शब्दाचा अर्थ खाली टीप देऊन सांगावा लागला, तर तो विनोद तिथे छापू नये.

---

नवखा_डिचोली

वाचतोय. पंधरा वाक्यांतून चांगले विनोद किती निघतात? माझ्या यादीत सगळी वाक्यं सरळसोटच आहेत.

---

मांडवीकाठ

दोन निघाले तर उत्तम. सरळसोट असणं हाच त्या यादीचा उपयोग आहे, पहिली गोष्ट त्यातूनच येते. एक करून बघा: यादीतली पहिली पाच वाक्यं वापरू नका. ती प्रेक्षकालाही पहिल्यांदा सुचतात, म्हणून त्यांचा शेवट आधीच ओळखता येतो. आठव्या-नवव्या वाक्यापासून खरं निरीक्षण सुरू होतं.

---

आबोली

तीनच्या रचनेबद्दल कोणीच लिहिलं नाही अजून. दोन गोष्टींनी रांग बनते, तिसरीने ती मोडते. चौथी कधीच नको. (माटोळी म्हणजे चवथीला गणपतीच्या वर टांगतात ती फळापानांची चौकट.)

> माटोळी बांधायला माणसं किती? शिडी धरायला एक, वर चढायला एक, 'थोडी डावीकडे' म्हणायला अख्खं घर.

पहिल्या दोन गोष्टी अगदी कंटाळवाण्या आणि एकाच मापाच्या हव्यात. नवे लिहिणारे पहिल्या दोनांतही गंमत घालतात ('शिडी धरायला घाबरट मेहुणा'), आणि मग तिसरीला मोडायला रांगच उरत नाही. व्याकरणही तिन्हीकडे सारखं ठेवा. इथे तीनदा '-यला' आलंय, म्हणून 'अख्खं घर' वर आपोआप जोर पडतो. शेवटी 'लागतं' घातलं नाही, त्याचं कारण वर लिहिलंच आहे.

---

सत्तरीकर

लिहिण्याइतकंच ते कोणाच्या तोंडी द्यायचं हे महत्त्वाचं. आपल्याकडे याचा उत्तम नमुना दशावतारात आहे: संकासूर. काळा पोशाख, उंच टोकदार टोपी, बोलणं वाकडं. पण तो हसवतो ते समोरचा गंभीर राहतो म्हणून. समोरचा सरळ प्रश्न विचारतो, संकासूर त्या प्रश्नातला एकच शब्द उचलतो आणि दुसरीकडे नेतो. संवाद लिहिलेले नसतात, रंगमंचावरच जुळतात, म्हणून प्रश्न आखूड ठेवावे लागतात. लांब प्रश्नात उचलायचा शब्द हरवतो.

दोघांनी सूत्रसंचालन करायचं असेल तर हेच करा. एकाकडे सगळे प्रश्न, दुसऱ्याकडे सगळे शेवट. दोघांनाही आळीपाळीने विनोदी व्हायची हौस असते, आणि मग कोणावर विश्वास ठेवायचा ते प्रेक्षकाला कळत नाही. प्रश्न विचारणाऱ्याने हसायचं नाही, मान डोलवायची नाही. उत्तर आल्यावर त्याने खरंच विचार करतोय असं थांबायचं. ते थांबणंही संहितेत लिहून ठेवा: '(दोन सेकंद)'.

वेळेचं गणित: स्टेजवर मिनिटाला साधारण १२० शब्द धरा. पाच मिनिटांच्या जागेत ६०० शब्द लिहून आणले की हमखास लांबतं, कारण हसण्याला आणि थांबण्याला वेळ जातो. ४५० वर थांबा. एक विनोद २० सेकंदांत संपला नाही, तर तेवढा वेळ थांबल्याची भरपाई शेवटाने करावी लागते.

---

पायवाट

एक मसुदा देते, मोडतोड करा.

> दुकानाच्या दारावर पाटी: 'दुपारी १ ते ४ बंद. आग लागल्यास ४ नंतर कळवावे.'

---

घुमट

रचना चांगली आहे. पाटीत लिहिल्यामुळे अधिकृत भाषेचा थंडपणा मिळाला, आणि दोन वाक्यांचा सांधा 'बंद' हाच आहे. पण धक्का 'आग' या शब्दात आहे आणि तो अर्ध्यावर येतो. 'आग लागल्यास' ऐकलं की उरलेलं माणूस स्वतःच म्हणतो. उलटवून बघा: '४ च्या आधी आग लावू नये.' आता 'आग' मागे सरकली, आणि 'कळवणं' जाऊन 'लावणं' आल्यामुळे अर्थही जास्त वेडावाकडा झाला.

---

आबोली

घुमटबाब, कारागिरी पटली. माझी हरकत विनोदाच्या रोखावर आहे. गोव्यातला माणूस आळशी, ही पर्यटकाच्या नजरेतली प्रतिमा. पहाटे उठून माल लावणारा, रात्री साडेआठपर्यंत उभा असणारा दुकानदार दुपारी जेवून पडतो, त्याला सुशेगाद (निवांत, आरामी) म्हणून हसणं सोपं आहे. आणि गावच्या स्टेजवर तोच दुकानदार दुसऱ्या रांगेत बसलेला असतो.

दुपारची बंदी हा विषय सोडायची गरज नाही. शेवट दुकानदाराला द्या:

> 'दुपारभर दुकान बंद. धंदा कसा होतो तुमचा?'
> 'असाच. तुम्ही चारला परत आलात.'

पहिल्या गोष्टीत दुकानदाराचं नुकसान आहे, दुसरीत तोच जिंकलेला आहे. धक्का 'परत आलात' या क्रियापदात आहे, म्हणून शेवटची जागा न झगडता मिळाली. कुठलाही विनोद लिहून झाला की विचारा: यात हरतं कोण? हरणारा आधीच खाली असेल तर हसू येतं, पण त्यात कडवटपणा राहतो. ताकदवान, शहाणपणा शिकवणारा, किंवा सांगणारा स्वतः हरला तर लोक मोकळे होतात.

---

पायवाट

आबोलीताई, हे माझ्यापेक्षा पुष्कळ चांगलं आहे. पण 'चारला' हवं का? '१ ते ४' हे आता कुठेच म्हटलेलं नाही.

---

आबोली

बरोबर. 'तुम्ही परत आलात.' बस. 'परत' मध्ये दुपारची फेरी आलीच.

---

मांडवीकाठ

कोटीवर थोडं. कोटी कमी दर्जाची, असं मी मानत नाही. पण तिचे दोन्ही अर्थ त्या प्रसंगात खरे असावे लागतात. नुसता उच्चार जुळला तर लोक कण्हतात.

> पहाटे सहा. आजी देवघरात डोळे मिटून: 'देवा, पाव रे!'
> दारातून: 'कितले?'

पोदेर, म्हणजे पाववाला, पहाटे खरंच दारात येतो, आजी खरंच तेव्हा देवापुढे असते. दोन्ही खरं. इथे मोठा मोह होतो तो पोदेराच्या भोंग्याचा. 'तेवढ्यात बाहेर पोंक-पोंक वाजतं' असं घातलं की संपलं, 'पाव' ऐकायच्या आधीच दुसरा अर्थ खोलीत येऊन बसतो. 'पोदेर' हा शब्दसुद्धा लिहिलेला नाही. 'कितले?' एवढ्यावर तो ओळखला जातो, आणि ओळखण्याचं काम प्रेक्षक करतो. पाव उंडो की पोळी, हा प्रकाराचा तपशील कितीही गोड असला तरी इथे नको.

देवळाच्या मंडपात हे चालेल का, असा प्रश्न येईल. चालतं, कारण आजीची प्रार्थना खरी आहे आणि देवाबद्दल काहीच म्हटलेलं नाही. गैरसमज पोदेराचा झाला आहे.

---

सत्तरीकर

आता तपासणी. नाट्यशास्त्रात हास्याच्या सहा पायऱ्या आहेत: स्मित, हसित, विहसित, उपहसित, अपहसित, अतिहसित. स्मितात दात दिसत नाहीत, हसितात किंचित दिसतात, विहसितात आवाज येतो, उपहसितात नाकपुड्या फुलतात, अपहसितात डोळ्यांत पाणी आणि अतिहसितात माणूस कुशी धरतो. तालमीत ही मोजपट्टी फार उपयोगी पडते. तिघाचौघांना वाचून दाखवा, फोनवर ध्वनिमुद्रण करा, आणि प्रत्येक विनोदापुढे पायरी लिहा. 'आवडला' असं तोंडाने सांगितलेलं धरू नका. आवाज आला नाही तर ते स्मितच.

स्मितावर थांबलेला विनोद लगेच फेकू नका. आधी शेवटचे तीन शब्द कापून पुन्हा म्हणा. मग पहिलं वाक्य कापून म्हणा. तरीही स्मितच असेल तर तो दोन मोठ्या विनोदांच्या मध्ये पूल म्हणून ठेवा, एकटा उभा करू नका.

क्रम: दुसऱ्या क्रमांकाचा सुरुवातीला, सगळ्यात चांगला शेवटी. कोटी शेवटी ठेवू नका, तिचं हसू लवकर विझतं.

आणि फेरवापर. पाचव्या मिनिटाला बांगडेवाली आली होती ना? बाराव्या मिनिटाला विषय पूर्ण बदलून:

> पर्वरीला फ्लॅट बघायला गेलो. बिल्डरने विचारलं: 'घेणार की बघणार?'

इथेच थांबायचं. 'बघायचे वीस' प्रेक्षक म्हणेल, आणि त्याने म्हटलेलं तुमच्यापेक्षा मोठ्याने ऐकू येईल. दोन अटी: मधे निदान चार-पाच मिनिटं गेलेली असावीत, आणि पहिल्यांदा तो विनोद विहसिताच्या वर गेलेला असावा. पहिल्यांदा पडलेला विनोद परत आणला की सगळा मंडप अवघडतो.

---

नवखा_डिचोली

छापायचं आणि ऐकवायचं यात फरक किती ठेवायचा?

---

घुमट

छापताना डोळा पुढे पळतो, हीच मुख्य अडचण. शेवटची ओळ स्वतंत्र ठेवा, आणि शक्य असेल तर पान उलटल्यावर येईल असं बघा. व्हॉट्सॲपवर हसरे चेहरे शेवटी चिकटवू नका, ते वाचायच्या आधी दिसतात. उद्गारचिन्ह एकही नको. स्टेजवर तुम्ही थांबून जे करता, ते कागदावर ओळ तोडून होतं.

---

नवखा_डिचोली

मग माझा मसुदा. आमच्या जत्रेच्या नाटकासाठी.

> पत्रिकेत लिहिलं होतं की नाटक रात्रौ ठीक १० वाजता सुरू होईल, पण साडेअकरा वाजले तरी पडदा उघडला नाही, कारण रावणाचं काम करणारा माणूस वेर्ण्याच्या फॅक्टरीत कामाला आहे आणि त्याला त्या दिवशी सेकंड शिफ्ट लागली होती.

---

मांडवीकाठ

हा सोडू नका. सांधा भक्कम आहे: रावण आणि कामगार एकाच शरीरात. आता 'काम करणारा माणूस' काढा, कारण तो शब्द दोघांना वेगळं करतो आणि गंमत दोघे एक असण्यात आहे. 'कारण' काढा. निवेदन काढून माइकवरच्या घोषणेला द्या, घोषणेची गंभीर भाषा आयती मिळते.

> पत्रिकेत 'रात्रौ ठीक १०'. साडेअकराला माइकवर घोषणा:
> 'सीताहरणाला थोडा उशीर होईल. रावणाला सेकंड शिफ्ट.'

---

आबोली

'साडेअकरा' बदलू नका कोणी. तीन ते अकराची शिफ्ट माहीत असलेला प्रेक्षक मनात हिशेब करेल की रावण आता बसमध्ये असणार.

---

नवखा_डिचोली

वेर्ण्याचं नाव पूर्ण गेलं. गावात निम्मे लोक तिथेच कामाला जातात, ते ठेवलं तर जवळचं वाटणार नाही का?

---

सत्तरीकर

घोषणेत ठेवलं तर 'शिफ्ट' च्या आधी फॅक्टरी येते आणि शेवट कळतो. हसू ओसरायला लागलं की लगेच दुसरी घोषणा करा: 'वेर्ण्याची बस आली. मेकअपवाल्यांनी गेटवर यावं.' ही तालमीत म्हणून बघा, आणि पहिल्यापेक्षा कमी पायरी मिळाली तर काढून टाका.